लोरेन्झ यांच्या कॉलरखालचा माइक

किस्से गोळा करायला मी कधी गेले नाही. पण साउंडवाल्यांच्या कानावर दिवसभर हेडफोन असतो आणि नट कॉलरखालचा माइक विसरून जातात. मग आपोआप साठत जातं. न्यूयॉर्कच्या आसपासच्या टीव्ही मालिकांवर मी साउंड करते, आणि माझ्याकडचे निम्मे किस्से एकाच माणसाचे आहेत.

लोरेन्झ यांनी जर्मनीत सगळं केलं होतं. पोलीस इन्स्पेक्टर, पाद्री, विनोदी सासरा, रंगभूमीवरचे राजे. उतारवयात मुलीजवळ न्यू जर्सीत राहायला आले आणि इथे त्यांना मिळाला तो एकच युनिफॉर्म. नाझी अधिकाऱ्याचा.

* * *

एका मालिकेत लंच ब्रेक झाला की ते तो युनिफॉर्म पूर्ण उतरवून स्वतःच्या स्वेटरमध्ये जेवायला यायचे. परत चढवायला वेळ लागायचा. एकदा असिस्टंट डिरेक्टर वैतागला. "सर, आज तसेच जेवा ना. उजेड जातोय."

"मग आज जेवत नाही," लोरेन्झ म्हणाले, आणि लंचभर भिंतीकडे तोंड करून उभे राहिले. कोणी जवळ जाईना. मी माइकची बॅटरी बदलायला गेले, तेव्हा हळूच म्हणाले, "माझ्या वडिलांचा याच कपड्यांतला एक फोटो आहे. जेवतानाचा. खूप हसतायत."

* * *

त्याच मालिकेत एका मुलीची चौकशी करायचा सीन होता. डिरेक्टरला आरडाओरडा हवा होता. लोरेन्झ मान डोलवून आत गेले आणि टेकमध्ये कुजबुजल्यासारखं बोलले. मी आवाज वाढवत वाढवत शेवटाला नेला, तरी पुरेना. त्यांच्या बोलण्यापेक्षा तिच्या हातातल्या कपबशीचा खडखडाट मोठा आला.

कपबशी वाजणं स्क्रिप्टमध्ये नव्हतं.

* * *

छातीला टेकलेल्या माइकमध्ये कधीकधी हृदयाचे ठोके येतात. एरवी ते आम्हाला नकोच असतात. दुसऱ्या एका मालिकेत लोरेन्झ, एकदाचे युनिफॉर्मशिवाय, मरणाऱ्या म्हाताऱ्याचं काम करत होते. त्यांनी डोळे मिटले आणि माझ्या कानात ठोके अडखळायला लागले. दोन भरभर, मग काहीच नाही. मग एक. सेटवर सगळे भारावून बघत होते.

मी ओरडले, "कट!"

साउंडवाल्यांनी कट म्हणायचं नसतं. डिरेक्टर असा वळला की मला वाटलं, गेली नोकरी.

"हा अभिनय नाहीये," मी म्हणाले. "अँब्युलन्स बोलवा."

पेसमेकर बसवून ते परत कामावर आले. भेटल्यावर पहिलं वाक्य, "अनू, टेक तरी पूर्ण होऊ द्यायचास."

* * *

त्या आजारानंतर त्यांना संवाद पाठ होईनात. टेकच्या आधी त्यांची चाललेली धडपड फक्त मला ऐकू यायची. म्हणून एका शनिवारी त्यांना जर्सी सिटीत घरी बोलावलं. साताऱ्याहून आई आली होती. तिने त्यांना टीव्हीवर त्या नाझी युनिफॉर्ममध्ये पाहिलं होतं. "हा माणूस आपल्याकडे जेवणार?" ती म्हणाली.

जेवण झाल्यावर मात्र तिनेच चष्मा लावून स्क्रिप्ट हातात घेतलं. चुकले की टेबलावर बोट वाजवायची. ते एकाच ओळीवर परत परत अडले, आणि शेवटी खुर्ची मागे सारून म्हणाले, "आता नाही जमायचं."

आई मराठीतच म्हणाली, "पुन्हा पहिल्यापासून."

त्यांनी पुन्हा पहिल्यापासून सुरू केलं.

* * *

मग एक सीन आला. लोरेन्झ बाप, आणि वर्षानुवर्षं न भेटलेला मुलगा दारात उभा. बापाने माफी मागायची, पानभर संवाद. पाठ होणं शक्यच नव्हतं. आम्ही दोघांनीच गुपचूप ठरवलं, त्यांच्या कानात न दिसणारा छोटा स्पीकर बसवायचा आणि मी माझ्या टेबलावरच्या माइकमधून ओळी सांगायच्या. प्रोड्यूसर तिथेच बसला होता. त्याला कळलं असतं, तर लोरेन्झ यांना पुढे काम मिळालं नसतं.

ॲक्शन. मुलगा दारात आला. मी पहिली ओळ सांगितली. लोरेन्झ गप्प. मी पुन्हा सांगितली. गप्पच. कट म्हणायला डिरेक्टरचा हात वर गेला. प्रोड्यूसर खुर्चीतून पुढे सरकला.

लोरेन्झ दोन पावलं पुढे गेले, मुलाच्या दंडाला हात लावून पाहिला आणि म्हणाले, "किती वाळलास. जेवलायस का?"

मुलाचं काम करणारा नट तोंड झाकून रडायला लागला. डिरेक्टरचा हात वरच राहिला. बऱ्याच वेळाने त्याने कट म्हटलं, तेही पुटपुटत.

लोरेन्झ माझ्याकडे आले, कानातला स्पीकर काढून माझ्या हातावर ठेवला. "काहीच ऐकू आलं नाही. बॅटरी गेली असेल."

ते गेल्यावर मी टेबलापासून लांब जाऊन तो कानाला लावला. माझ्या टेबलावरचा माइक चालूच होता. त्याच्याजवळ उभं राहून कोणीतरी रडून नाक ओढत होतं. अगदी स्पष्ट ऐकू आलं.