मुकादमाचा पूल आणि आईची गॅलरी

माझ्या मामाला सगळे मुकादम म्हणतात, मामीसुद्धा. पुलांच्या कामावर माणसं हाताळणं हा त्याचा धंदा. कोण कुठल्या खांबावर चढणार, सळया कधी उतरणार, काँक्रीटची गाडी कुठे अडकली, हे सगळं त्याला विचारायचं. त्यामुळे एक खोड त्याच्या अंगात अशी मुरली होती की ‘माहीत नाही’ हे दोन शब्द त्याच्या तोंडून कुणी ऐकले नव्हते. जिथे तो आयुष्यात गेला नाही तिथलाही पत्ता तो छातीठोकपणे सांगायचा. मी एकदा त्यावरून चिडवलं, तर म्हणाला, मुकादम गोंधळलेला दिसला की खालची माणसं हातातलं काम टाकून बसतात, त्यापेक्षा चुकीचं सांगितलेलं परवडलं.

आमच्या उपनगरातली वाहतूक म्हणजे एक कायमचं दुखणं होतं. सकाळी निघालेला माणूस चौकातच डुलकी काढून घ्यायचा. मग ठरलं की नवा जोडरस्ता काढायचा आणि त्याला हमरस्त्याशी जोडणारा उड्डाणपूल बांधायचा. तो पूल नेमका आईच्या इमारतीसमोरून जाणार होता आणि त्या तुकड्यावर मुकादम होता मामा.

इमारतीतले लोक हरकत घ्यायला कचेरीत निघाले होते. तेव्हा मामा आईकडे आला, तिसऱ्या मजल्यावरच्या गॅलरीत उभा राहिला आणि कठड्यावरून वाकून हात खाली दाखवत म्हणाला, स्लॅब तिथवर, दुसऱ्या मजल्याच्याही खाली. तुला फक्त गाड्यांची टपं दिसतील. आईनं हे प्रत्येक मजल्यावर जाऊन सांगितलं. माझा भाऊ पुलावर मुकादम आहे, त्याचा शब्द आहे, असं. तिच्या शब्दावर बरेचजण हरकत घ्यायला गेलेच नाहीत.

मग कामाला सुरुवात झाली आणि आमची सगळ्यांचीच दिशा हरवली. रोज सकाळी रस्ता वेगळा. काल बसथांबा दवाखान्यासमोर होता, आज शाळेमागे, उद्या कुठे ते बसवाल्यालाही ठाऊक नसायचं. पत्र्यांच्या आडून जाता जाता आई एकदा भाजी घेऊन स्वतःच्या इमारतीच्या मागच्या बाजूनं आली आणि हे कुणाचं घर म्हणून थोडा वेळ बघत उभी राहिली. आम्ही हसलो. ती हसली नाही.

खांब वाढत गेले. दुसरा मजला मागे पडला तरी थांबेनात. शेवटी स्लॅब पडला तो थेट आईच्या गॅलरीसमोर, तिच्या डोळ्यांच्या रेषेत. स्वयंपाकघरात दिवसाही दिवा लावावा लागायला लागला. जिन्यात भेटणारी माणसं आईला काही म्हणत नसत, पण बोलता बोलता गप्प होत. ते तिला जास्त लागलं.

तिनं मामाला जाब विचारला. तो आधी म्हणाला जमीन भुसभुशीत लागली. पुढच्या वेळी म्हणाला खालून उंच ट्रक जायचेत. नंतर म्हणाला पाण्याची मोठी पाइपलाइन आडवी आली. दर वेळी आवाज तितकाच ठाम. आई म्हणाली, खरं असतं तर एकच कारण असतं, आणि त्या दिवसापासून तिनं त्याच्याशी बोलणं टाकलं. ज्या भावाला तिनं कडेवर घेऊन वाढवलं, त्याचा फोन आला की ती माझ्या हातात द्यायची. कुणाची बाजू घ्यावी हेच मला कळेना. आईकडे असले की मामाचा राग यायचा, मामाकडे गेले की आईचा.

पूल सुरू झाला तसा धूर सरळ घरात यायला लागला आणि आईचा खोकला हटेना. डॉक्टर म्हणाले, जागा बदला. माझं घर म्हणजे दोन खोल्या आणि त्यात सासूबाई; तिकडे यायचं तिनं नाव काढलं नाही. मामाकडे एक खोली रिकामी होती. मी महिनाभर दोघांचं डोकं खाल्लं तेव्हा कुठे ती तयार झाली, तीही अटीवर.

“त्यानं स्वतः यायचं, आणि सांगितल्या वेळेला यायचं,” ती म्हणाली. “या वेळी शब्द चुकला तर भरलेली बॅग परत सोडेन, आणि मग तू मध्ये पडू नकोस.”

मी हे मामाला जसंच्या तसं सांगितलं. तो म्हणाला, तिला म्हणावं अकरा वाजता गॅलरीत उभी राहा, पुलावरून येतो आणि तुझ्या दारातच उतरतो.

रविवारी मी त्याच्या शेजारी गाडीत बसले. मामानं इस्त्रीचा शर्ट घातला होता. पुलावर चढताना तो मला, अमुक जोड कुठल्या पावसाआधी संपवला वगैरे सांगत होता, पण जरा वेळानं त्याची बडबड कमी झाली. सगळी वर्षं वर चढला तरी पुलावरची जागा त्यानं खालच्या खांबांवरूनच ओळखली होती. वर खांब दिसत नव्हते. सगळीकडे सारखाच कठडा, सारखेच दिवे.

“आता उतार येईल डावीकडे,” तो म्हणाला. “डंपर जायचे तो. आम्ही सगळे तिथूनच चढायचो.”

आई दिसली. गॅलरीत उभी, पायाशी बॅग, वाळत घातलेल्या टॉवेलच्या मागे. मामानं गाडी डावीकडे घेतली आणि करकचून ब्रेक मारला. तिथे सलग कठडा होता. डंपरचा तो उतार मातीचा होता. काम संपल्यावर उचलून नेला होता. इतकी वर्षं मामा त्यावरून चढला-उतरला होता, की तो तात्पुरता आहे हे त्याच्या डोक्यातूनच गेलं होतं.

“म्हणजे काय?” मामा कठड्याकडे बघून म्हणाला. “म्हणजे काय?”

मागे हॉर्न सुरू झाले. मामा दार उघडून खाली उतरला. मी ओरडले, चल पुढे, पण तो कठड्याला जाऊन टेकला. तिकडून आई गॅलरीच्या टोकाला आली. दोघांमध्ये इतकंच अंतर होतं, की हात लांबवून टॉवेल मिळाला नसता, पण फेकला असता तर नक्की मिळाला असता.

“उतर की खाली,” आई म्हणाली. कितीतरी दिवसांनी ती त्याच्याशी थेट बोलली, आणि हे बोलली.

“उतरायला रस्ता नाही, ताई.”

“पूल तूच बांधलास ना?”

कोंडी फोडायला बांधलेल्या पुलावर त्याच्याच मुकादमानं कोंडी केली होती. बसमधली माणसं खिडक्यांतून माना काढून बघत होती. मला हसू येत होतं आणि रडूही, आणि आधी कुठलं आवरावं ते समजत नव्हतं.

“मग हेही सांग,” आई म्हणाली, “उंची का वाढवली?”

मामानं आ वासला, नेहमीसारखा काहीतरी ठोकून देण्यासाठी. मग तोंड मिटलं.

“मला माहीत नाही, ताई. एक दिवस नवा नकाशा आला. का, ते कुणी सांगितलं नाही, आणि मी विचारलं नाही. माझ्या माणसांसमोर कसा विचारू?”

आई त्याच्याकडे बघत राहिली. तेवढ्यात मोटारसायकलवरचा पोलीस आला आणि त्यानं मामाला दंडाला धरून गाडीत बसवलं. मी मागे वळून बघितलं. आईनं बॅग उचलली आणि आत जाऊन दार लावून घेतलं.

पुढचा उतार लांब होता, आणि त्यानं आम्हाला सोडलं जोडरस्त्यावर. तिथून वळायला जागा नव्हती. वळायला मिळालं तिथे दुसराच पूल सुरू झाला. पाट्यांवर बाण होते, पण ते ज्या गावांकडे जात त्यांच्याशी आमचं काही काम नव्हतं. एका टपरीवरून दोनदा गेलो. मामा एकच विचारत होता, “ती बॅग सोडत असेल का गं?” आणि मी दर वेळी वेगळं उत्तर देत होते. अकरा केव्हाच वाजून गेले होते.

शेवटी पुलाखालच्या अंधाऱ्या रस्त्यानं इमारतीपाशी पोचलो. मी वर बघितलं. गॅलरीचं दार बंद होतं, टॉवेलही काढलेला. मामा उतरायला धजेना. मग काचेवर टकटक झालं.

आई होती. बॅग हातात, टॉवेल खांद्यावर. कधीपासून खांबाशी उभी होती कोण जाणे, पायांवर धूळ बसली होती. तिनं मला खुणेनं मागे बसायला सांगितलं आणि स्वतः मामाच्या शेजारी बसली. खोकली. उशिराबद्दल एक अक्षर बोलली नाही.

“आता कुठून जायचं?” तिनं विचारलं.

मामानं समोर बघितलं. एक रस्ता पुलावर चढत होता, एक पुलाखालून जात होता, एक नुसताच वळत होता.

“माहीत नाही,” तो म्हणाला.

“बरं,” आई म्हणाली. तिनं काच खाली केली आणि पिशवी घेऊन चाललेल्या एका माणसाला हाक मारली. “अहो, जरा रस्ता सांगता का? माझ्या भावाच्या घरी जायचंय.”

तो माणूस बिचारा वाकून आमच्याकडे बघत राहिला. पत्ता खरं तर मामानं सांगायचा, पण तो आईकडेच बघत होता, म्हणून मागून मी सांगितला.