पडद्यावरचे डॉक्टर

नोकरीनिमित्त मी लिस्बनला राहत होतो, तेव्हाची गोष्ट. ट्रामच्या थांब्यावर एका म्हाताऱ्या बाईंनी माझे शेजारी अल्व्हारो यांचा हात दोन्ही हातांत धरला.

"डॉक्टर, माझे यजमान गेल्याचं तुम्ही किती हळुवारपणे सांगितलंत," त्या म्हणाल्या. "त्या दिवशी मी तुमचे आभारही मानले नाहीत."

अल्व्हारोंनी टोपी काढली. "आता झोप लागते का?"

"लागते," असं म्हणून डोळे पुसत बाई ट्राममध्ये चढल्या.

अल्व्हारो डॉक्टर नव्हते. चाळीस वर्षं पोर्तुगीज सिनेमांत लहानसहान कामं करणारे नट होते. बहुतेक वेळा इस्पितळात वाईट बातमी देणारे डॉक्टर. चेहरा सगळ्यांच्या ओळखीचा, नाव कुणालाच ठाऊक नाही. अशा माणसाला कुणी ओळखलं, तेही चुकून, याचं मला वाईट वाटलं.

"तुम्ही त्यांना खरं का नाही सांगितलं?" मी विचारलं.

टोपी पुन्हा डोक्यावर ठेवत ते म्हणाले, "सिनेमात बातमी दिली की माझं काम संपायचं. कॅमेरा बातमी ऐकणाऱ्या बाईकडे वळायचा आणि मी घरी जायचो. पुढे तिचं कसं झालं, हे मला कधी विचारताच आलं नाही."