लई गार पडली

बदनापूरला स्टेशनाजवळच्या खोलीत बसून मी ध्रुवमोहिमांचा इतिहास लिहितो. मेंढपाळाचं पोरगं, भर एप्रिलात पंख्याखाली बसून नॉर्वेवाल्यांची बर्फातली मरणं लिहून राह्यलंय. लोक हसतात. हसू द्या.

त्या दुपारी कुत्र्यांचं प्रकरण चाललं होतं. गाड्या ओढणारी कुत्री, अन्न संपल्यावर त्यांनाच एकेक करून मारावं लागलं. मोहिमेतल्या एकानं रोजनिशीत प्रत्येकाचं नाव लिहून ठेवलेलं. माझ्या डोळ्यांत पाणी आलं, आणि तेवढ्यात आबांचा फोन. आबा म्हणजे वडील. मंठ्याकडं अजून मेंढरांमागं फिरतात.

"लेका, इकडं लई गार पडली रे."

माझं चित्त तिकडं बर्फात. म्हणालो, "बरं झालं की आबा! उकाडा तरी हटला. मी कुत्र्यांचं लिहून राह्यलोय."

आबा म्हणाले, "हां, बराबर हाय. तू लिही."

आमच्याकडं गार पडली म्हणजे गारपीट झाली. हे मला कुणी शिकवायला पाहिजे का? अरे मूर्खा! बर्फाला मराठी शब्द हुडकत दोन वर्षं कोश उपसले, आणि घरचा शब्द कानात शिरला न्हाई.

चार दिवसांनी गावी गेलो. तेही प्रकरण संपवूनच. मेंढरं कोंडायची जाळी रानात अर्ध्याच जागेत ताणलेली होती. आई म्हणाली, "उघड्या रानात गाठलं गारेनं. कोकरं तर जाग्यावरच गेली. तुला फोन केल्ता ना त्यांनी?"

मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. आबांजवळ जाऊन बसलो. "आबा, चुकलं माझं. मला वाटलं, हवा गार झाली."

"असू दे रे. कुत्र्यांचं लिहून झालं का?"

"झालं."

"बरं झालं की," आबा म्हणाले आणि जाळीची गाठ सोडवत राहिले.

नॉर्वे-स्वीडनच्या कादंबऱ्यांतल्या अबोल बापांवर मी लांबलचक लेख लिहिलाय. माझा बाप तसा नव्हता. पाऊस, चारा, कोणती मेंढी लंगडते, सगळं सांगायचा. मीच त्याचं तोंड बंद केलं.

आता रोज मीच फोन लावतो. "समदं बराबर हाय," एवढंच म्हणतात. परवा मागं एक मेंढी सारखी ओरडत होती.

"आबा, काय झालं तिला?"

"काय न्हाई. तू लिही."