बेबीआत्या मागच्या सीटवर बसते

दुपारचे दोन वाजून दहा मिनिटं झालीत आणि मी झोपणार नाहीये, फक्त खाटेवर पडून डोळे मिटणार आहे. या दोन्हींत फरक आहे. चार वाजता आमच्या सतरा सीटच्या गाडीतून साताऱ्याचे चौदा निवृत्त शिक्षक चौल, रेवदंडा आणि कोर्लई बघायला निघणार आहेत, आणि त्यांची गाइड मी आहे. मी, स्वरांगी प्रमोद थळे, दहावीची परीक्षा देऊन नऊ दिवस झालेली. आठवीपर्यंत हजेरीला ‘येस मॅडम’सुद्धा मी शेजारच्या मुलीकडून म्हणवून घ्यायची. आता तीच मी माइकवर बोलणार आहे.

सहल बेबीआत्याची. पप्पांची थोरली बहीण. पप्पा गाडी चालवायचे, आत्या बोलायची, साडेतीन तास, वीस वर्षं. गेल्या दिवाळीच्या आधी तापाचं निमित्त झालं आणि चार दिवसांत आत्या गेली. तेव्हापासून पप्पा एकटेच गाडी नेतात. चौल आलं की म्हणतात, “चौल.” रेवदंडा आला की म्हणतात, “रेवदंडा.” माणसं उतरतात, फोटो काढतात, चढतात. अलिबागचा एक एजंट म्हणतोय, सहल बंद करा, गाडी माझ्याकडे लावा. पप्पा जवळजवळ हो म्हणालेच होते. मी जेवणाच्या ताटावर बसून भांडले तेव्हा कुठे आजचा एक दिवस मिळाला. आज जमलं तर अख्खी सुट्टी माझी. नाही जमलं तर उद्यापासून गाडी एजंटकडे, आणि बेबीआत्याची सहल संपली.

अट एकच. “ताईचं बोलणं जसंच्या तसं,” पप्पा म्हणाले. “एक शब्द इकडचा तिकडे नको. लोक त्याच्यासाठी यायचे.”

फोनमध्ये आत्याचं रेकॉर्डिंग आहे, बेचाळीस मिनिटांचं. मला सगळं पाठ आहे. चौलची पुष्करणी येते, रेवदंड्याचा सातखणी मनोरा येतो, कोर्लईचं दीपगृह येतं. एकाच ठिकाणी जीभ अडते. रेवदंड्याच्या तटातली ती खिडकी. आत्या सांगायची की तिथे एका पोर्तुगीज कप्तानाची मुलगी बसायची, गलबतावर गेलेल्या नवऱ्याचं नाव रोज समुद्राकडे ओरडायची, आणि एके दिवशी समुद्राकडून तिचं नाव आलं. म्हणून नव्या जोडप्यांनी त्या खिडकीतून एकमेकांची नावं ओरडायची. ओरडतातच. आता तर दुसऱ्या गाड्यांचे गाइडही हेच सांगतात.

आणि मी वाचनालयातली या भागावरची तिन्ही पुस्तकं पालथी घातली. इतिहासाच्या पाध्ये सरांना विचारलं. कप्तान नाही, मुलगी नाही, काही नाही. हे मी पप्पांना सांगितलेलं नाही. कारण ते खोटं असेल तर बाकीचं काय?

कानात इअरफोन आहेत. आत्या सुरू झाली आहे. “नमस्कार मंडळी! उजवीकडे तुम्ही बघा, डावीकडे मी बघते.” वर पंखा टकटक करतोय. “आपण निघालोय फार जुन्या बंदराकडे. घाई कोणालाच नाही, बंदराला तर मुळीच नाही. पाण्याच्या बाटल्या जवळ ठेवा, टोप्या डोक्यावर ठेवा, आणि स्वरांगी, पाय खाली घे. सीटवर पाय घेऊन बसायचं नाही.”

मी पाय खाली घेते. पायांखाली गाडीची रबरी चटई आहे, उन्हाने तापलेली.

मागे वळून बघते तर पंधरा सीटा रिकाम्या, आणि अगदी शेवटच्या सीटवर बेबीआत्या. जांभळी सुती साडी, खाली कॅनव्हासचे बूट, डोक्यावर आम्ही पर्यटकांना देतो ती पांढरी टोपी. कागदाच्या पुडीतले शेंगदाणे खातेय.

“आत्या? तू मागे कशी?”

“मी आज गिऱ्हाईक. पुढची सीट मागितली होती, दिली नाही तुझ्या बापाने.”

“पण तू तर गेलीस ना?”

“म्हणून तर वेळ आहे. चल, सुरू कर. साडेतीन तास म्हणजे साडेतीन तास.”

ड्रायव्हरच्या जागी कोणी नाही, तरी गाडी नारळी-पोफळींच्या वाड्यांमधून व्यवस्थित वळणं घेतेय. मला त्यात काही वावगं वाटत नाही. मी माइक हातात घेते आणि जे पाठ आहे ते धडाधड म्हणायला लागते.

चौलच्या देवळासमोर आम्ही कधी उतरलो ते कळत नाही. पुष्करणीच्या पायऱ्या खाली चालल्यात आणि पाण्यावर आमच्या वर्गातले बाक तरंगतायत, ओळीने, पेनाने खरवडलेल्या नावांसकट. कुठून तरी हजेरी चालू आहे. “थळे स्वरांगी?” शेजारी कोणीच नाही. “येस मॅडम,” मीच म्हणते. आवाज पाण्यावरून पलीकडच्या काठापर्यंत जातो.

“हे बरं झालं,” आत्या म्हणते. “पुढे बोल.”

“मंडळी, इथल्या पाण्यात एकदा तोंड बघून घ्या, दहा वर्षांनी लहान दिसाल. माझ्याकडे बघू नका, मी रोज बघते.”

आत्या जांभई देते.

“हसायचं असतं इथे!”

“अगं, मी वीस वर्षं ऐकतेय हा विनोद. शिवाय तू पंधरा वर्षांची. दहा वर्षांनी लहान झालीस तर तुला बालवाडीत सोडावं लागेल. तुझ्या तोंडी शोभतो का तो?”

“पप्पा म्हणालेत, जसंच्या तसं.”

“पप्पा गाडी चालवतो.”

पायऱ्या निसरड्या आहेत. मी हात पुढे करते, तिचा हात धरायला. खरं तर मलाच धरायचा आहे. ती बोट हलवून नाही म्हणते. “गिऱ्हाइकाचा हात आपणहून धरायचा नाही. मागितला तरच द्यायचा.” आणि कॅनव्हासच्या बुटांनी तुरुतुरु पायऱ्या चढून जाते, माझ्याआधी.

शेवटच्या पायरीनंतर आमचं स्वयंपाकघर आहे. गॅसच्या शेगडीशेजारी कोर्लईचं दीपगृह उभं आहे, छताला जेमतेम टेकलेलं, आणि आई ओल्या फडक्याने त्याच्या काचा पुसतेय. “वन्सं, चहा टाकू?” ती आत्याला विचारते. “येताना,” आत्या म्हणते. “आता हिची परीक्षा आहे.”

“परीक्षा संपली माझी,” मी म्हणते.

“ती नव्हे.”

स्वयंपाकघराचं मागचं दार मी ढकलते, आणि समोर रेवदंड्याचा तट. काळा दगड, मध्ये वडाची मुळं, खाली वाळू. आणि खिडकी. 

“मंडळी, ही खिडकी,” मी सुरू करते. जीभ अडते. पुन्हा सुरू करते. पुन्हा तिथेच.

आत्या शाळेतल्या मुलीसारखा हात वर करते. “मॅडम, एक शंका. ही खिडकी कसली?”

मी माइक खाली घेते. “आत्या, खरं सांग. कप्तानाची मुलगी होती का?”

ती टोपी काढून तिचाच वारा घेते. मग दगडावर बसते.

“माझी दुसरीच सहल होती गो. गाडी पंक्चर. तुझा बाप रस्त्यात जॅक लावून आडवा पडलेला, आणि इथे उन्हात सोळा माणसं. त्यात कोल्हापूरची एक नवी नवरी, नवऱ्याशी भांडून तोंड फुगवून उभी. ती विचारते, ही खिडकी कसली हो? मला माहीत नव्हतं. मागून एक गृहस्थ म्हणाले, या बाईला काही येत नाही, पैसे परत घ्या. आणि माझ्या तोंडून कप्तान निघाला. कप्तानाच्या मागून मुलगी आली.”

“आणि गलबत?”

“गलबत पंक्चर निघेपर्यंत पुरवलं.”

मला हसू फुटतं. रागही येतोय, पण हसू आधी फुटतं.

“मग त्या नवरीने खिडकीत तोंड घालून नवऱ्याच्या नावाने अशी बोंब ठोकली,” आत्या सांगते, “की तो तिकडून शहाळं टाकून धावत आला. दोघं हसायला लागली. पुढच्या खेपेला त्यांच्या ओळखीचे लोक आले. म्हणाले, ती खिडकीची गोष्ट सांगा ना. पहिल्या वेळी ती थाप होती. दहाव्या वेळी सवय. पुढे पुढे मलाच ती मुलगी दिसायला लागली, केस मोकळे सोडून बसलेली.”

“आणि बाकीचं? बाकीचं काय काय थाप आहे?”

हाच प्रश्न मी आठवडाभर गिळून बसले होते. आत्या ताडकन उभी राहते. पुडीतले शेंगदाणे वाळूत सांडतात.

“काही नाही! मनोऱ्यासाठी मी वाचनालयात बसून वह्या भरल्यात. पुष्करणीचं गुरवांच्या घरी चार फेऱ्या मारून विचारलंय. कोर्लईतल्या पोर्तुगीज वळणाच्या बोलीचे शब्द तिथल्या बायकांकडून घेतलेत, मासळी घेता घेता, आणि नको असलेली मासळी घेऊन. बाकी सगळं मिळवलेलं आहे. खिडकी तेवढी माझी.”

माझ्या छातीवरून कोणीतरी दगड उचलल्यासारखं होतं. पण आता दुसरा प्रश्न उभा आहे.

“मग आज मी काय सांगू? चौदा शिक्षक आहेत आत्या. त्यातले तीन इतिहासाचे.”

“तीन? बाप रे!” तिला खरंच घाम फुटतो. “मी तर त्या दिवशी तापाचं निमित्त करून घरी राहिले असते.”

“मी नाही राहणार.”

“नाहीच राहायचं.” ती जवळ येते. तिच्या अंगाला ऊन, डिझेल आणि खोबरेल तेलाचा वास आहे. “मला एक वाक्य कधी जमलं नाही. ‘मला माहीत नाही.’ एवढंच. गाइडच्या तोंडात ते बसतच नाही. वाटतं, हे म्हटलं की लोक उठून जातील. पहिल्यांदा टाळलं आणि मग वीस वर्षं टाळलं. तू म्हणून बघ.”

“मला माहीत नाही,” मी पुटपुटते.

“मागच्या सीटवर ऐकू नाही आलं.”

“मला माहीत नाही.”

“मागची सीट, मॅडम!”

मी खिडकीशी जाते. दोन्ही हातांनी कडेचा दगड घट्ट पकडते. दगडांमधला जुना चुना बोटांखाली भुसभुशीत लागतो. पलीकडे आमच्या शाळेचं पटांगण आहे, त्यावर गाडीच्या सतरा सीटा मांडलेल्या, आणि पटांगण संपतं तिथून लगेच समुद्र. मी पोटातून हवा घेते.

“ही खिडकी कसली, ते मला माहीत नाही!”

कोणी उठून जात नाही. तट पडत नाही. एक लाट येते आणि सीटांच्या पायांपर्यंत येऊन परत जाते.

“झालं?” आत्या विचारते.

“नाही,” मी म्हणते. आता मला थांबताच येत नाहीये. “पण माझ्या आत्याला एकदा या खिडकीने वाचवलं होतं! कसं, ते ऐकायचंय का?”

आत्या टोपी पुन्हा डोक्यावर घालते, पदर सावरते आणि दगडावर नीट मांडी घालून बसते. “ऐकायचंय. त्याच्यासाठीच तर आलेय.”

मग मी सांगते. पाठ केलेलं नाही, माझं. पंक्चर सांगते, जॅक सांगते, फुगलेल्या तोंडाची नवरी करून दाखवते, पैसे परत मागणारे गृहस्थ करून दाखवते. कप्तान सांगते, गलबत सांगते, मुलीला मोकळे केस देते. शहाळं टाकून धावणारा नवरा आला तशी आत्या हसायला लागते. कधी ऐकलंच नसल्यासारखी हसते, मांडीवर थाप मारून, डोळ्यांत पाणी येईपर्यंत. तिचं हसणं मोठं होत जातं, लांब होत जातं, मग एकसुरी होतं, आणि तो आमच्या गाडीचा हॉर्न असतो.

“स्वरा! अगं साडेतीन वाजले!” आई दारात उभी आहे. “आणि हे काय? भिंत का ओरबाडलीस?”

मी उठून बसते. खाटेच्या वर, भिंतीच्या सफेदीवर आठ बोटांचे ओरखडे आहेत, चार इकडे, चार तिकडे, मधे साधारण खिडकीएवढी जागा. आणि माझ्या आठही नखांत पांढरा चुना, पार आतपर्यंत.

मी केस बांधते, बूट घालते आणि बाहेर पळते. पप्पा गाडीची पुढची काच पुसतायत.

“आठवतंय ना सगळं?” ते विचारतात. “ताईचं जसंच्या तसं?”

“सगळं. खिडकी सोडून.”

फडकं थांबतं. “म्हणजे?”

“खिडकीची गोष्ट आत्याने रचलेली आहे पप्पा. मी ती सांगणार, पूर्ण सांगणार. पण तिने रचली म्हणूनच सांगणार.”

पप्पा माझ्याकडे बघत नाहीत. आधीच लख्ख झालेली काच पुन्हा पुसायला लागतात.

“आणि त्यांनी विचारलं, मग खरं काय आहे?”

“तर म्हणणार, मला माहीत नाही.”

“असं म्हणणार? माइकवर?”

“माइकवर. मागच्या सीटला ऐकू जाईल असं.”

ते फडकं पिळतात, झटकतात, आरशाला अडकवतात. एजंटचं नाव काढत नाहीत. ड्रायव्हरच्या दाराशी जाऊन तिथून म्हणतात, “निदान हात तरी धू. चुना भरलाय नखांत.”

“राहू दे,” मी म्हणते, आणि गाडीत चढून दार ओढून घेते.