आजोबांचा वाया गेलेला शॉट

ॲन आर्बरच्या मराठी मंडळात इलामावशींना आता कुणी बंगाली म्हणतच नाही. श्रीरामकाकांशी लग्न झालं आणि पुरणपोळीत त्यांनी भल्याभल्यांना मागे टाकलं. पण आजोबांचा विषय निघाला की मावशी पुन्हा कोलकात्याच्या होतात, आणि मग कुणाचं काही चालत नाही.

आजोबा, प्रियनाथ भादुरी, मूकपटांचे दिग्दर्शक. तेव्हा कॅमेरा चालू असतानाच ओरडून सूचना द्यायची पद्धत होती. आवाज थोडाच टिपला जायचा? मग बोलपट आला, समोर मायक्रोफोन आला, आणि या गृहस्थांना तोंड काही आवरेना. स्वतःच्या पहिल्याच बोलपटात त्यांनी स्वतःच्या छोट्या मुलीला उभं केलं. ती बोलायला लागली तर हे मधेच ओरडले, "मिनू, इकडे बघ, हस!" असे शॉटवर शॉट वाया गेले आणि स्टुडिओनं त्यांना घरी बसवलं. पुढचं आयुष्य त्यांनी दुसऱ्यांच्या सिनेमांचे बोर्ड रंगवण्यात काढलं. मिनूचा तो शॉट मात्र त्यांनी जपला, नंतर चांगल्या फिल्मवर उतरवून घेतला आणि नातीच्या हाती दिला.

कारण मिनू म्हणजे इलामावशींची आई. मावशींना कळायला लागायच्या आतच ती गेली. तिचे फोटो आहेत, पण आवाज होता तो फक्त त्या रिळात.

अमेरिकेत आल्यावर मावशींनी ते रीळ लोणच्यासारखं सांभाळलं. वारा लागू नये म्हणून डब्याला घट्ट टेप, वर प्लास्टिक, टेप सैल झाली की लगेच नवी. तुटेल या धास्तीनं कधी लावून पाहिलं नाही. यंदा लेक ज्ञानदा हट्टाला पेटली. "आई, स्कॅन करून घेऊ या ना. नुसतं ठेवून काय उपयोग?"

लॅबमधल्या माणसानं डबा उघडला आणि व्हिनेगरचा भपकारा आला. रिळाचा दगड झाला होता. एक पदरही सुटेना.

"कशानं झालं हे?" मावशींनी विचारलं.

जुन्या फिल्ममधून आम्ल सुटतं, तो म्हणाला, त्याला बाहेर पडायला वाट लागते. कोंडून ठेवलं तर ते फिल्मच खातं.

"म्हणजे मी नुसतंच कपाटात टाकून दिलं असतं तर?"

"तर बहुधा आज वाजलं असतं."

गाडीत ज्ञानदानं त्यांचा हात धरला. "आई, यू डिडन्ट नो."

"ती आत बोलत होती गं," मावशी म्हणाल्या. "मीच तिचं तोंड बांधत राहिले."