एकोणीस नखांचं पिल्लू

मंद्रूपला माझ्या बहिणीच्या शेतावर कुत्री व्याली आणि माझी कॉलेजात जाणारी मुलगी त्यातलं एक पिल्लू पाठीवरच्या सॅकमध्ये घालून सोलापूरला घेऊन आली. घरात परवानगी द्यायची ती माझ्या आईनं. मी नावाचाच कुटुंबप्रमुख.

आईनं पिल्लाकडं पाहिलंसुद्धा नाही. "ईस नखं असली तर ऱ्हाऊ दे. अठरा असली तर उद्या सकाळच्याला माघारी." तिच्या माहेरी वीसनखी कुत्रं घराला लाभतं म्हणतात. साध्या कुत्र्याला पुढच्या पायांना पाच-पाच आणि मागच्यांना चार-चार नखं असतात. मागंही पाच-पाच असली, तर ते वीसनखी.

मुलीनं पिल्लू छातीशी धरलं. तिचे डोळे भरून आलेले बघून मी घाईनं मोजायला बसलो. तेवीस भरली.

"एकच पाय दोनदा मोजलास रं," आई म्हणाली आणि चष्मा लावून स्वतः बसली. एकोणीस! मागच्या उजव्या पायाला आतल्या बाजूनं एक नख नुसतं लोंबत होतं. डावा पाय कोरा.

आता एकोणीसचं काय करायचं, हे आईच्या माहेरी कुणी ठरवून ठेवलेलं नव्हतं.

"आज्जी, डाव्या पायाचं आतच राहिलं असेल," मुलगी म्हणाली. ती प्राणिशास्त्र शिकते. "बेडकाच्या मागच्या पायालासुद्धा आतल्या बोटाशेजारी असंच अर्धवट बोट असतं. नुसता उंचवटा. काही बेडूक त्यानंच माती उकरून आत शिरतात."

"मग बेडूक पाळ की! दूध तरी लागणार न्हाय."

पोरीची बाजू पडायला लागली म्हणून मी मोजा काढला. माझ्या डाव्या पायाच्या करंगळीला चिकटून मिऱ्याएवढं एक जादा बोट आहे. त्याच्यामुळे आजवर एकही चप्पल मला नीट बसलेली नाही.

"आई, माझी तर एकवीस आहेत. मला नाही कुणी माघारी पाठवलं."

"सुईण म्हणली हुती, पोरगं लई नशीबवान निघंल. आजून वाट बघतीया मी."

मुलगी डोळे पुसता पुसता फिस्सकन हसली. तिची पकड सुटली तसं पिल्लू धडपडत माझ्यापाशी आलं आणि ते मिऱ्याएवढं बोट चाटायला लागलं. मला भयंकर गुदगुल्या झाल्या. मी पाय झाडत ओरडलो. आई पदर तोंडाला लावून इतकी हसली की तिला ठसकाच लागला.

ठसका ओसरल्यावर ती उठून स्वयंपाकघरात गेली. कडक भाकरी चुरल्याचा आवाज आला. वाटीत दूध-भाकरी घेऊन ती दारात टेकली आणि हळूच म्हणाली, "बा, बा इल्ली."

आई माणसांशी मराठीत भांडते. कानडीत लाडानं 'ये इकडं' म्हणते ती फक्त घरच्या जनावरांना. मुलीनं माझा हात घट्ट दाबला.