जालिंदर मास्तरांनी चार्ज दिला

मी पलटणीतला माणूस. हुकूम म्हंजी हुकूम, हे मला कुणी शिकवायला नको. पण जालिंदर मास्तरांच्या बदलीचं आठवलं की आजबी माझं टाळकं सणकतं.

मास्तर माझं शेजारी. कुणाच्या अध्यात न्हाई, मध्यात न्हाई. त्यांची बायको बाळाबाई टीबीनं पार वाळून गेल्याली. तिला रोज सुई लागायची. मास्तर सकाळी तिला सायकलीवर मागं बसवून कडेगावच्या दवाखान्यात न्यायचं आन शाळंच्या घंटंला परत यायचं. डागदर म्हणालं हुतं, सुई चुकवू नका, बाई जगंल. पोरबाळ न्हाई, भाऊबंद न्हाई. दोघंच एकमेकाला.

त्यात आणीबाणी आली. मास्तर लोकांनी नसबंदीला माणसं आणायची, असा वरनं हुकूम. आमच्या मास्तरांनी एकबी नेला न्हाई.

"केरबा, ज्याच्या पोराला मी शिकवतो, त्येलाच फसवून कसा नेऊ?" मला म्हणालं.

झालं. बदली आली, थेट जतच्या पल्याड, कर्नाटकाच्या शिवंवर. दवाखाना लांब, एस्टी दिवसातनं एकदा, आन ती बी तिच्या मर्जीनं.

मीच त्यांना सांगलीला वकिलाकडं नेलं. वकील भला माणूस. म्हणाला, "दावा लावू, स्थगिती मागू. बायकोचा आजार हे मोठं कारण आहे. पण मास्तर, काहीही झालं तरी चार्ज देऊ नका. रजा टाका, पण शाळेच्या किल्ल्या हातातनं सोडू नका."

दावा लागला, पण कोर्टाच्या तारखंच्या आधीच नवा मास्तर येऊन थडकला. ट्रंक, वळकटी, आन संगं बायको, दिवस भरत आल्याली. चार्ज मिळंस्तवर त्येला ना शाळा, ना खोली. ती बाई शाळंच्या पायरीवर बसली. ऊन असं की दगड तापल्याला. मी मास्तरांच्या दारात उभा राहिलो, म्हणलं, मास्तर, आज घरातनं हलायचं न्हाई.

तवर बाळाबाई आतनं खोकत आली. "आवं, द्या की किल्ल्या. अवघडल्याली बाई उन्हात बसलीया. तिचा काय गुन्हा?"

मास्तर उठलं. किल्ल्या दिल्या, सही केली. मी कपाळावर हात मारून घेतला. बाळाबाईनं त्या दोघांला च्या केला.

कोर्टात साहेबांनी पयलं तेच विचारलं. "चार्ज दिलात?"

"दिला, सायब."

"मग स्थगिती कशाला देऊ? बदली तर होऊन गेली."

न्हाई म्हणला असता तर? पण ह्या माणसाला खोटं बोलताच येत न्हवतं. स्थगिती फेटाळली, दावा तेवढा चालू राहिला. मास्तर बाळाबाईला घेऊन जतकडं गेलं. तिला हितं ठेवा म्हणून माझी बायको लय पाया पडली. बाळाबाईच ऐकंना, "ह्यांला भाकरी कोण घालंल?" म्हणाली. तिकडं एस्टी चुकली की सुई चुकायची. अशा लय चुकल्या. दिवाळीच्या तोंडावर ती गेली. आमाला कळालं तवा राख बी सावडून झाली हुती.

पुढच्या उन्हाळ्यात दाव्याची तारीख निघाली. आणीबाणी उठली हुती. मला वाटलं, आता तरी न्याय हुईल. मास्तर जतवरनं आलं, मी बी गेलो. समोरचा वकील उठला, म्हणाला, "पत्नीच्या आजारपणासाठी बदली रद्द करावी, असा दावा आहे. पत्नी आता हयात नाही. तेव्हा दाव्याला कारणच उरलेलं नाही."

आवाज बी चढवला न्हाई गड्यानं. माझ्या अंगाचा भडका उडाला.

साहेबांनी मास्तरांकडं बघितलं. "हे खरं आहे?"

मास्तर उभं राहिलं. मला वाटलं, आज तरी हा माणूस तोंड सोडंल, निदान एक शिवी तरी हासडंल.

"व्हय सायब," मास्तर म्हणालं. "न्हाई उरलं."